अकरा पूर्णांक चार टन

“क्रूस धोकादायक आहे, एवढं एक वाक्य आलं पाहिजे,” ऑल्विन रुमाव म्हणाले. “बाकी आकडे तुला हवे ते घाल.”

“आकडे मोजून येतात, अंकल.”

“मग मोज ना. पण शेवटी धोकादायक आलं पाहिजे.”

चर्चलगतच्या हॉलमध्ये पॅरिश कौन्सिलची, म्हणजे धर्मग्रामाच्या कारभारी मंडळाची, बैठक भरली होती. ऑल्विन अंकल कौन्सिलचे उपाध्यक्ष. त्यांचा मंडप-डेकोरेशनचा व्यवसाय होता आणि सौंदर्य या विषयात वसई तालुक्यात आपला शब्द शेवटचा, अशी त्यांची प्रामाणिक समजूत होती. शेजारी आमचे धर्मगुरू फादर गॉडविन. ते आठ महिन्यांपूर्वी बदलून आले होते आणि जो शेवटी बोलेल त्याच्याशी सहमत होत होते.

मी तेव्हा चोवीस वर्षांची होते. फिजिक्समध्ये एम.एस्सी. करून मुंबईत काँक्रीट तपासणाऱ्या एका लॅबमध्ये सात महिने काढले होते. बिशप हाऊसने कळवलं होतं की वेदीमागचा क्रूस काढायचा तर तांत्रिक अहवाल जोडा. त्यावर कौन्सिलने ठरवलं, की इंजिनीअर कशाला, आपली मच्याडोंची रेनिता आहे ना. फिजिक्स म्हणजे वजन, बल, सगळं त्यातच आलं.

“हा बघ नवीन.” ऑल्विन अंकलनी कॅटलॉग माझ्यापुढे सरकवला. सात फुटी फायबरचा ख्रिस्त. निळे डोळे, सोनेरी केस, रोज व्यायामशाळेत जाणाऱ्याचं पोट. “डोक्यामागे तीन रंगांचा लाइट आहे. आणि कुशीतल्या जखमेतही लाइट आहे. रिमोटवर.”

“रिमोट कोणाकडे राहणार?” मी विचारलं.

“फादरकडे,” ऑल्विन अंकल म्हणाले. फादरनी मान डोलावली.

“आणि सध्याच्या क्रुसात काय वाईट आहे?”

“अगं, तो येशू आहे का? शॉक लागलेला वायरमन आहे! माझ्या पोरीच्या लग्नात फोटोग्राफर मला विचारतो, अंकल, मागचा पिलर झाकू का? बाहेरून माणसं येतात, त्यांना काय सांगायचं?”

हे अगदीच खोटं नव्हतं. तळभाटचं संत थॉमसचं चर्च १९७३ साली बांधलं, आणि तेव्हापासून बाहेरून येणाऱ्या माणसांना काय सांगायचं हा गावापुढचा प्रश्न आहे. वसईत चर्च म्हटलं की पांढऱ्या भिंती, दोन मनोरे, कमानी. आमचं चर्च म्हणजे अंगणात पालथं टाकलेलं सूप. काँक्रीटची एकच पातळ पाठ, दोन कोपरे आभाळात उचललेले, दोन जमिनीला टेकलेले. टेकलेल्या कोपऱ्यावरून बायका वर चढून सुकेळी वाळत घालायच्या, कारण गावात एवढं तापणारं दुसरं छप्पर नाही. आत खांब नाही, चित्र नाही, रंग नाही. पूर्वेच्या भिंतीवर काँक्रीटचाच साडेचार मीटरचा क्रूस, आणि क्रुसातूनच निघालेला ख्रिस्त. चेहऱ्याच्या जागी एक उभी घडी. बरगड्यांच्या जागी आडव्या रेघा. उजव्या कुशीत मूठ जाईल एवढं भोक. इतर चर्चमध्ये उपवासकाळात क्रुसावर जांभळं कापड घालतात. आमच्याकडे एवढं कापड कोणी आणलं नाही, आणि झाकण्यासारखं त्यात काही आहे असंही कोणाला वाटलं नाही.

“अहवाल ईस्टरनंतरच्या सोमवारी,” ऑल्विन अंकल म्हणाले. “मंगळवारी फोडायला ब्रेकरवाला येतोय.”

“म्हणजे ब्रेकरवाला आधीच ठरलाय?”

“सीझन आहे, बाय. नंतर मिळत नाहीत.”

*

गुड फ्रायडेच्या आठवड्यात, सोमवारी दुपारी मी शिडी लावून तपासणी सुरू केली. माझ्याकडे लॅबमधून मागून आणलेला स्प्रिंगचा हातोडा होता. तो काँक्रीटवर दाबला की आतला दांडा आपटून उलटा उसळतो, आणि किती उसळला त्यावरून काँक्रीटची ताकद कळते. मी ख्रिस्ताच्या पायांपासून सुरुवात केली. गुडघा, मांडी, बरगड्या. प्रत्येक ठिकाणी दहा ठोके.

“ठोक, ठोक,” खालून आवाज आला. “रोमन शिपायांनी पण हेच केलं होतं. पण त्यांनी अहवाल नव्हता मागितला.”

खाली इनास घोन्सालविस उभे होते. गाव त्यांना इनासकाका म्हणायचं. वय एकोणऐंशी, सुतार आणि गवंडी दोन्ही, हातात काठी. हा क्रूस त्यांनी केला होता, म्हणजे त्याचा लाकडी साचा त्यांनी बांधला आणि काँक्रीट त्यांनी ओतलं. चर्चचा आराखडा मुंबईच्या एका आर्किटेक्टचा. पण तो छत उभं राहायच्या आधीच निघून गेला होता, आणि पुढचं काम त्या वेळचे धर्मगुरू फादर हिलरी आणि इनासकाका या दोघांनी रेटलं होतं. फादर हिलरींना जाऊन वीस वर्षं झाली होती.

“काका, मी फक्त मोजतेय.”

“मग किती भरलं?”

“उत्तम आहे. बेचाळीस वर्षांत अजून कडकच झालंय.”

“मग धोका कुठे आहे?”

“शोधतेय,” मी म्हणाले.

ते हसले नाहीत. पुढच्या बाकावर बसले आणि काठीवर हनुवटी टेकवून मला बघत राहिले. मला त्यांचं वाईट वाटत होतं, पण वाईट वाटण्याचं एकक माझ्या तक्त्यात नव्हतं.

जवळून मला दोन गोष्टी दिसल्या ज्या खालून चोवीस वर्षांत दिसल्या नव्हत्या. एक, ख्रिस्ताच्या साऱ्या अंगावर लाकडाच्या रेषा होत्या. साच्याच्या फळ्यांचा ठसा. मांडीवर तर चाकूने कोरलेली अक्षरंही उलटी उमटली होती.

“जुन्या चर्चच्या बाकांच्या फळ्या,” इनासकाका म्हणाले. “नव्या फळ्या आणायला हिलरी तयार नव्हता. म्हणाला, ज्या फळ्यांवर आपले बापजादे बसले, त्याच लावू.”

दुसरी गोष्ट, कुशीतल्या भोकाला आतून लाल काच लावलेली होती. जाड, रेघारेघांची.

“ही काच कसली?”

“एसटीच्या मागच्या दिव्याची. नालासोपारा डेपोत भंगारात मिळाली.”

“पण भोकात अंधार आहे. तिथे काच कोणाला दिसणार?”

“नाही दिसणार,” ते म्हणाले आणि काठी टेकत उठून गेले.

मी शिडी वरपर्यंत सरकवली आणि क्रुसाचं टोक तपासलं. क्रूस आणि छत यांच्यामध्ये फट होती. टॉर्च मारला तर उजेड पलीकडे गेला. चार सेंटिमीटर. क्रूस फक्त भिंतीला धरून होता, छताशी त्याचा काहीही संबंध नव्हता. मी तसं वहीत लिहिलं. आणि लिहिता लिहिता वर नजर गेली, तेव्हा छताला पाइप दिसले.

वेदीच्या वर, जरा पश्चिमेकडे, छताचा एक पट्टा मुद्दाम जाड केला होता आणि त्यात अर्ध्या इंची पाइपांची तोंडं होती. दोन-दोन बोटांवर एक, किंचित वाकडी रांग. सगळी बुजवलेली. मी मोजली. पस्तीस. पुन्हा मोजली. पस्तीस.

माझी एक वाईट खोड आहे. मला आकडा दिसला की तो तिथे का आहे हे कळल्याशिवाय जेवण जात नाही.

*

इनासकाकांच्या दारात जाऊन विचारलं तर म्हणाले, “हवेसाठी.”

“सगळे बुजवलेत.”

“हवा नको असते तेव्हा बुजवतो.”

मंगळवारी मी तर्क लढवले. येशू तेहेतीस वर्षं जगला, म्हणून तेहेतीस अधिक दोन चोर. क्रुसाच्या वाटेची चौदा स्थानं, बारा शिष्य, दहा आज्ञा, सात संस्कार. बायबलमध्ये आकडे इतके आहेत की दोन-तीन उचलून कोणतीही बेरीज आणता येते, आणि त्या दिवशी मी बहुतेक सगळ्या आणल्या. शेवटी छताच्या गळतीचा संशय घेऊन अहवालाच्या मसुद्यात वाक्यही लिहिलं: ‘छतातील पस्तीस अनावश्यक छिद्रे बुजवावीत.’

रात्रीच्या जेवणाला आई कॅलेंडरसमोर उभी राहून कुरकुरत होती. “गेल्या वर्षी गुड फ्रायडे अठराला, यंदा तीनला. दरवर्षी पळतो. हिंदूंची तिथी बरी, निदान महिना तरी तोच असतो.”

“चंद्रावर असतं ते, आई. पौर्णिमेनंतरचा रविवार ईस्टर, त्याच्या आधीचा शुक्रवार. वीस मार्चच्या आधी येत नाही, तेवीस एप्रिलच्या नंतर…”

मी घास तसाच ठेवला. वीस मार्च ते तेवीस एप्रिल. मार्चचे बारा दिवस, एप्रिलचे तेवीस.

“काय गं, काटा लागला का?”

“पस्तीस,” मी म्हणाले.

“माशाला एवढे काटे नसतात,” आई म्हणाली.

मी ताट बाजूला ठेवून लॅपटॉप उघडला. गावाचे अक्षांश-रेखांश, दुपारी तीनची वेळ, पस्तीस दिवसांतलं सूर्याचं स्थान. तीन वाजता, कारण येशूने प्राण सोडला ती वेळ तीनची, आणि गुड फ्रायडेची उपासना जगभर तीनलाच सुरू होते. सूर्य त्या वेळी पश्चिमेकडे साधारण बावन्न ते पंचावन्न अंशांवर, आणि पस्तीस दिवसांत एकवीस अंश उत्तरेकडे सरकतो. मी पाइपांच्या रांगेचं माप टाकलं. ती वाकडी रांग सूर्याच्या वाटेवर बरोबर बसली, आणि पस्तीस रेघा भिंतीवर एकाच ठिकाणी येऊन मिळाल्या. क्रुसाच्या उजव्या कुशीतल्या भोकात.

दशांशाच्या चार स्थळांपर्यंत उत्तर आलं होतं. मी ते तीनदा तपासलं आणि मसुद्यातलं ‘अनावश्यक’ हे वाक्य खोडलं. तेवढंच त्या वेळी सुचलं.

*

गुरुवारी सकाळी मी छताच्या टेकलेल्या कोपऱ्यावरून वर चढले. इनासकाका आधीच तिथे होते. पाठीमागे चपला काढून ठेवल्या होत्या, पुढ्यात एक पक्कड, आणि ते पाइपांच्या रांगेजवळ बसून बोटाने मोजत होते.

“पंधरावं,” मी मागून म्हणाले. “तीन एप्रिल म्हणजे पंधरावं.”

त्यांनी वळूनही पाहिलं नाही. “चौदा मोजलेत मी. तू बोलल्यानं चुकलं असतं.” मग त्यांनी पंधराव्या पाइपातली खुंटी पकडीने फिरवून काढली. भेंडीच्या लाकडाची, सुतळी गुंडाळलेली, मेणात बुडवलेली. “वेदीवरच्या मेणबत्त्यांचं उरलेलं मेण. पाणी आत जात नाही. बस.”

मी बसले. “दरवर्षी एकच काढता?”

“सगळी काढली तर चाळण होईल. एक दिवस चुकला तर ठिपका बरगडीवर पडतो.”

“पाच सेंटिमीटर बाजूला,” मी म्हणाले. “मी गणित केलंय काका. पण तुम्ही कसं केलंत? त्र्याहत्तर साली, कॉम्प्युटर नसताना? कोणी करून दिलं?”

आता त्यांनी माझ्याकडे पाहिलं. “कसलं गणित? क्रूस आधी उभा केला. मग छताच्या फळ्या मारल्या. मग रोज तीनला हिलरी खाली क्रुसापाशी उभा राहायचा आणि मी वर पाइप हलवत बसायचो. ठिपका भोकात गेला की तो ओरडायचा, थांब. मी पाइप बांधायचो. वीस मार्चला सुरू केलं, तेवीस एप्रिलला संपलं. मग काँक्रीट ओतलं.”

माझी चार दशांश स्थळं मी मनातल्या मनात खोडून टाकली.

“काका, हे आजच कौन्सिलला सांगू या,” मी म्हणाले. “उद्या तीन वाजता सगळ्यांना दाखवू. ब्रेकर तर लांबच, ऑल्विन अंकल स्वतः क्रुसाला हार घालतील.”

“म्हणून तर नाही सांगायचं.”

“म्हणजे?”

“त्या फाट्यावरच्या चॅपेलमधल्या मूर्तीला घाम आला होता, आठवतं?”

आठवत होतं. मी सातवीत होते. घाम वरच्या पाण्याच्या टाकीचा होता हे आठवड्यात कळलं, पण तोवर बस येऊ लागल्या होत्या. मूर्तीभोवती रेलिंग आलं, रांग आली, शहाळ्याच्या गाड्या आल्या. टाकी दुरुस्त केली तेव्हा लोकांनी दुरुस्त करणाऱ्यालाच शिव्या दिल्या.

“इथं पण तेच होणार,” इनासकाका म्हणाले. “ऑल्विन मंडप टाकेल. लोक म्हणतील, चमत्कार. फादर म्हणेल, चमत्कार. आणि चमत्कार झाला की माझे पाइप गेले ना. पस्तीस दिवस मी या छतावर भाजलो, ते कोणी केलंच नाही असं होईल. देवानं केलं म्हणतील. देवाला अर्ध्या इंची पाइप वाकवता येतो का?”

“मी सांगेन ना, पाइप आहेत म्हणून.”

“टाकी आहे हे पण सांगितलं होतं.”



“पण मग केलंत कशाला?” मी जरा चिडूनच विचारलं. “बेचाळीस वर्षांत कोणाला दिसलं? मी दर गुड फ्रायडेला इथे असते. मला कसं नाही दिसलं?”

“तीन वाजता काय करतेस तू?”

मी आठवून पाहिलं. तीनची घंटा होते. फादर मुकाट्याने येतात आणि वेदीपुढे जमिनीवर पालथे पडतात. सगळं चर्च गुडघ्यावर बसतं आणि माना खाली घालतं. तीन-चार मिनिटं कोणी हलत नाही.

“हिलरीला मी हेच म्हटलं होतं,” इनासकाका म्हणाले. “फादर, तुम्ही पालथे, लोक माना घालून, बघणार कोण? तर म्हणाला, इनास, बघायला मिळालं तर लोक गुडघ्यावर बसणार नाहीत. तू पाइप लाव.” त्यांनी खुंटी खिशात टाकली. “शब्द दिला होता. मंगळवारी फोडायचा तर फोडू देत. पण तमाशा होऊन राहण्यापेक्षा तुटलेला बरा.”

शेवटचं वाक्य त्यांनी छताकडे बघून म्हटलं, आणि ते खरं नव्हतं. पंधराव्या पाइपाच्या कडेवरून ते अंगठा फिरवत होते, तान्ह्या पोराच्या कानामागून फिरवावा तसा.

*

शुक्रवारी मी पुढून चौथ्या बाकावर बसले. माझ्यापुढे ऑल्विन अंकल, पांढरा शर्ट, काळी पँट. इनासकाका पलीकडच्या रांगेत. तीनची घंटा झाली. फादर गॉडविन आले, वेदीपुढे पालथे झाले. आठशे माणसं गुडघ्यावर बसली आणि आठशे माना खाली गेल्या.

मी मान वर ठेवली. आयुष्यात पहिल्यांदा, आणि चोरी करतेय असं वाटत होतं.

ठिपका खालच्या बाजूने आला. रुपयाच्या नाण्यासारखा नव्हे, अंड्यासारखा लांबट. त्याच्या उजेडात बाकाच्या फळ्यांच्या रेषा उठून दिसल्या, एकेक गाठसुद्धा. मिनिटाला चार-पाच सेंटिमीटर या वेगाने तो बरगड्या चढला आणि भोकात शिरला. आतली काच पेटली. एसटीच्या मागच्या दिव्याची काच होती हे मला माहीत होतं, नालासोपारा डेपोतली होती हेही माहीत होतं. पाइप, खुंटी, मेण, सूर्याचा कोन, सगळं माहीत होतं. तरी कुशीतून लाल उजेड बाहेर आला आणि त्या बिनचेहऱ्याच्या घडीच्या कडेवर चढला, आणि तिथे चेहरा होता.

साडेतीन मिनिटं. मग काच विझली.

मी इनासकाकांकडे पाहिलं. त्यांची मान खाली होती. डोळे मिटलेले. बेचाळीस वर्षं दरवर्षी खुंटी काढणाऱ्या माणसाने शपथेवर सांगितलं असतं तरी मला पटलं नसतं, पण तो बघत नव्हता.

उपासना संपल्यावर दारात त्यांनी विचारलं, “लागला?”

“लागला. पण दोन सेंटिमीटर उत्तरेला.”

“पुढचं वर्ष लीप आहे,” ते म्हणाले. “तेव्हा ठिपका परत जागेवर येतो.”

*

शनिवारी मी अहवाल लिहिला. एकोणीस पानं, ठोक्यांचे एकशे चाळीस आकडे, सगळे खरे. एकशे एकेचाळिसावा आकडा मी रात्री साडेआठ वाजता लिहिला. तो लिहायला मला आधीच्या एकशे चाळीसपेक्षा जास्त वेळ लागला. पूर्णांकात दिला असता तर अंदाज वाटला असता, म्हणून एक दशांश स्थळ ठेवलं.

सोमवारी ऑल्विन अंकलनी अहवाल सरळ शेवटच्या पानावर उघडला आणि मोठ्याने वाचला. “‘सदर क्रूस हा छताचा अकरा पूर्णांक चार टन भार पेलत असून…’ हे काय आहे?”

“भार,” मी म्हणाले.

“कोणाचा?”

“छताचा. क्रूस छताला धरून आहे.”

“आणि काढला तर?”

“छत पडेलच असं मी म्हणत नाही. पडणार नाही असं मी लिहून देणार नाही.”

 हॉलची मधली खिडकी चर्चमध्ये उघडते. तिच्यातून क्रूस दिसत होता, आणि क्रुसाच्या टोकावरची चार सेंटिमीटरची फटही दिसत होती. सकाळची वेळ होती, फटीतून उजेडाची सरळ रेघ येत होती. नुसती मान वर करायची होती. माझ्या तळव्यांना घाम सुटला होता, आणि त्या घामाला वरची टाकी जबाबदार नव्हती.

ऑल्विन अंकलनी खिडकीतून पाहिलं. क्रुसाच्या पायापासून कमरेपर्यंत. मग नजर वळवून ब्रेकरवाल्याला फोन लावला आणि येऊ नको म्हणून सांगितलं.

“धोकादायक तर आहेच म्हणा,” फोन ठेवून ते म्हणाले. “काढणं धोकादायक आहे.”

“म्हणजे आपलं पूर्ण चर्च क्रुसावर उभं आहे,” फादर गॉडविन हळूच म्हणाले. त्यांचे डोळे चमकत होते. मला तेव्हाच कळायला हवं होतं.

पुढच्या रविवारचं प्रवचन त्याच विषयावर झालं. क्रूस हा आपला आधार आहे असं आपण म्हणतो, फादर म्हणाले, पण तळभाटमध्ये हे विज्ञानाने सिद्ध झालेलं आहे. त्यांनी आकडा सांगितला. दशांश स्थळासह. लोकांनी माझ्याकडे वळून पाहिलं. इनासकाकांनीही पाहिलं, आणि त्यांचे खांदे हलत होते. ते हसत होते की खोकत होते हे मी आजपर्यंत ठरवू शकलेले नाही.

मिस्सा संपल्यावर ते माझ्याजवळ आले. “फट बुजवू का?”

“नको,” मी म्हणाले. “कोणीतरी कधीतरी बघू दे.”

“बाय, तू अजून लहान आहेस,” ते म्हणाले.

*

याला अकरा वर्षं झाली. मी आता विरारला ज्युनिअर कॉलेजमध्ये फिजिक्स शिकवते आणि मुलांनी प्रयोगाचे आकडे बनवले की गुण कापते. अकरा पूर्णांक चार टनांच्या ख्रिस्ताला आता शेजारच्या गावांतून लोक येतात. बस नाही, रिक्षाने. घराचं बांधकाम काढणारे येतात, पाठदुखीवाले येतात, स्लॅब टाकायच्या आदल्या दिवशी कंत्राटदार येऊन पायाला हात लावून जातात. एका चमत्कारातून क्रूस वाचवायला मी गेले आणि दुसरा माझ्याच सहीने काढून दिला. इनासकाका चार वर्षांपूर्वी गेले. जायच्या आदल्या महिन्यात त्यांनी पक्कड आणि पस्तीस जादा खुंट्यांची पिशवी माझ्या घरी पाठवून दिली. चिठ्ठी नव्हती.

यंदा गुड फ्रायडे पुन्हा तीन एप्रिलला आला. पंधरावं भोक. गुरुवारी मी चपला काढून छतावर गेले, चौदा मोजले, पंधरावी खुंटी काढली.

एक गोष्ट मात्र इनासकाकांच्या वेळी नव्हती. तीन वर्षांपूर्वी कौन्सिलने क्रुसावर, जखमेच्या हातभर खाली, स्टीलची पाटी बसवली. तिच्यावर आकडा आहे आणि खाली बारीक अक्षरांत माझं नाव आणि पदवी आहे. ठिपका खालून वर चढतो हे पाटी बसवणाऱ्याला कोणी सांगितलं नव्हतं. त्यामुळे तीनला सात मिनिटं असताना, घंटा व्हायच्या आधी, लोक सरळ बसून वाट बघत असताना, उजेड आधी पाटीवर पडतो. माझ्या खोट्या आकड्यावर. आठशे माणसांसमोर.

“बघ,” पुढच्या बाकावरून ऑल्विन अंकल मागे वळून कुजबुजले. त्यांना आता ऐकू कमी येतं, त्यामुळे त्यांची कुजबुज चार बाकांपर्यंत जाते. “अजून कशी चमकते! मी तेव्हाच म्हटलं होतं, स्टील घ्यायचं तर चांगलंच घ्या.”

“चांगलंच आहे, अंकल,” मी म्हणाले.

पाटीवरचा उजेड वर सरकू लागला. तेवढ्यात तीनची घंटा झाली, फादर येऊन पालथे पडले, आणि ऑल्विन अंकलनी गुडघे टेकून मान खाली घातली.

मीही घातली. लागला असेल.